'रजनी' आणि प्रिया तेंडुलकर : टंचाईच्या काळातला एक आवाज

१/
साल १९८५. औरंगाबादजवळच्या, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगरजवळच्या वाळूज येथे बजाज ऑटोचा नवा कारखाना उभा राहिला. ५ नोव्हेंबर १९८५ रोजी राष्ट्रपती ग्यानी झैलसिंग यांच्या हस्ते त्याचे उद्घाटन झाले. त्याच वर्षी दूरदर्शनवर रविवारी सकाळी 'रजनी' नावाची हिंदी मालिका लागत असे आणि तीत प्रिया तेंडुलकर ही मराठी अभिनेत्री एका साध्या गृहिणीची भूमिका करीत असे. कारखान्याचा आणि मालिकेचा परस्परांशी थेट संबंध काहीच नव्हता. पण दोन्हींच्या मुळाशी त्या काळातली एकच गोष्ट होती : रांग.

२/
'नंबर लागणे' हा तेव्हाच्या मध्यमवर्गीय घरातला रोजचा शब्दप्रयोग. चेतक स्कूटरसाठी पैसे भरून नाव नोंदवायचे आणि वाट पाहायची. ही प्रतीक्षा दहा वर्षांपर्यंतही लांबे. टेलिफोनसाठी अर्ज करून वर्षे मोजायची. गॅसची जोडणी मिळायला वाट, आणि ती मिळाली की भरलेले सिलिंडर वेळेवर यावे म्हणून पुन्हा वाट. उत्पादन किती करायचे ते कारखानदाराच्या इच्छेने नव्हे, सरकारी परवान्याने ठरत असे. त्यामुळे मागणी वाढली तरी माल त्या प्रमाणात वाढत नसे.

३/
टंचाईमुळे वस्तू महाग होतात, हे सर्वांना ठाऊक असते. तिचा दुसरा परिणाम कमी बोलला जातो. टंचाईत विकणारा दाता होतो आणि घेणारा याचक. पैसे मोजूनही ग्राहक उपकार झाल्यासारखा मान खाली घालून वस्तू घेतो. सिलिंडर आणणाऱ्याला चार रुपये वर द्यावे लागतात, ते कोणी विचारत नाही. 'असेच चालते' हे वाक्य इतक्यांदा उच्चारले जाते की तो नियमच वाटू लागतो. 'रजनी' या पात्राने याच वाक्याला हात घातला.

४/
ही भूमिका करणाऱ्या प्रिया तेंडुलकर यांचा जन्म १९ ऑक्टोबर १९५४ चा. नाटककार विजय तेंडुलकर हे त्यांचे वडील. वडिलांच्या नाटकांनी महाराष्ट्रात जी खळबळ उडवली, ती प्रिया यांच्या वाढत्या वयात घडत होती. 'शांतता! कोर्ट चालू आहे' १९६७ सालचे. 'सखाराम बाइंडर' आणि 'घाशीराम कोतवाल' १९७२ सालची. सेन्सॉर, निषेध, न्यायालय, वर्तमानपत्रांतले वाद हे सारे त्या घराला नवे नव्हते. प्रश्न विचारला की त्याची किंमत मोजावी लागते, ही गोष्ट पुस्तकात वाचून कळावी अशी परिस्थिती त्या घरात नव्हती.

५/
इथे एक विरोध नोंदवण्याजोगा आहे. 'शांतता!'मधील लीला बेणारे अखेरीस दीर्घ स्वगत बोलते, पण ते बोलत असताना रंगमंचावरची बाकीची पात्रे थिजलेली असतात. तिचे म्हणणे तिच्या न्यायाधीशांच्या कानांपर्यंत पोचतच नाही. तेंडुलकरांच्या लेखणीतून आलेल्या 'आक्रोश' (१९८०) या चित्रपटातला आदिवासी नायक जवळजवळ संपूर्ण चित्रपटभर मूक राहतो. वडिलांच्या कलाकृतींत पिचलेल्या माणसाचा आवाज कोणी ऐकत नाही. मुलीच्या वाट्याला मात्र अशी भूमिका आली, जिचा आवाज अर्ध्या तासात समोरच्याला ऐकावाच लागे.

६/
त्या भूमिकेपर्यंतचा रस्ता सरळ नव्हता. प्रिया यांनी पंचतारांकित हॉटेलात स्वागतिकेचे काम केले, हवाई सुंदरी म्हणून नोकरी केली, जाहिरातींसाठी मॉडेलिंग केले, बातम्याही वाचल्या. श्याम बेनेगल यांच्या 'अंकुर' (१९७४) मध्ये जमीनदाराच्या मुलाची तरुण पत्नी सरू त्यांनी साकारली. पुढे 'गोंधळात गोंधळ', 'थोरली जाऊ' अशा मराठी चित्रपटांतून त्या दिसल्या. म्हणजे १९८५ पर्यंत त्या मराठी प्रेक्षकांना परिचित होत्या. मात्र देशभर ओळखले जावे असे काम अजून व्हायचे होते.

७/
त्याच वेळी दूरदर्शनही बदलत होते. मुंबई केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले. १९८२ साली, दिल्लीतल्या आशियाई खेळांच्या वर्षी, रंगीत प्रक्षेपण आले. त्या निर्णयाचे शिल्पकार म्हणून विदर्भातले नेते आणि तत्कालीन माहिती व नभोवाणी मंत्री वसंत साठे यांचे नाव घेतले जाते. १९८४ च्या सुमारास देशभर प्रक्षेपण केंद्रांचे जाळे झपाट्याने पसरले आणि दूरदर्शन महानगरांबाहेर पोचले. मराठवाड्यात म्हैसमाळच्या डोंगरावरचा मनोरा ही त्याची ओळखीची खूण. आळीत एका घरी टीव्ही आणि त्यासमोर अख्खी आळी, असे ते दिवस होते.

८/
टीव्हीचा उपयोग समाजशिक्षणासाठी करावा, हा विचार भारतात आधीपासून होता. १९७५-७६ मध्ये 'साइट' या उपग्रह प्रयोगातून सहा राज्यांतल्या सुमारे २४०० खेड्यांत शेती, आरोग्य आणि शिक्षणाचे कार्यक्रम दाखवले गेले. पण उपदेश आणि करमणूक यांची सांगड कशी घालावी, याचा धडा मेक्सिकोतून आला. तिथे मिगेल साबिदो यांनी प्रौढ साक्षरतेसारखा विषय कौटुंबिक मालिकेत गुंफून दाखवला होता. त्याच धर्तीवर ७ जुलै १९८४ रोजी मनोहर श्याम जोशी लिखित 'हम लोग' सुरू झाली आणि मालिका हा प्रकार घराघरांत रुजला.

९/
'रजनी'चे दिग्दर्शक बासू चटर्जी. 'रजनीगंधा', 'छोटी सी बात' यांतून त्यांनी मुंबईचा नोकरदार मध्यमवर्ग प्रेमाने रंगवला होता. बसचा थांबा, कचेरी, चाळीचा जिना ही त्यांची नेपथ्ये. त्यांचा 'कथा' (१९८३) हा चित्रपट तर स. गं. साठे यांच्या 'ससा आणि कासव' या मराठी नाटकावर बेतलेला, मुंबईच्या चाळीत घडणारा. १९८६ साली त्यांनी 'एक रुका हुआ फैसला' केला, ज्यात बारा जणांतला एकच माणूस 'पण खात्री काय?' असे विचारत राहतो. घाईने होकार देणाऱ्या गर्दीत एकट्याने विचारलेला प्रश्न, हा विषय त्या काळात त्यांच्या मनात घोळत असावा, असे या दोन्ही कलाकृती शेजारी ठेवल्या की वाटते.

१०/
मालिकेची मांडणी सोपी होती. रजनी ही मुंबईतली विवाहित स्त्री. तिच्या पतीची भूमिका करण राजदान यांनी केली. मालिकेच्या लेखनातही त्यांचा वाटा होता. प्रत्येक भागात रोजच्या जगण्यातली एखादी अडवणूक समोर येई. कधी गॅस सिलिंडर देताना नाडणारी एजन्सी, कधी भाडे नाकारणारा किंवा जास्त पैसे मागणारा टॅक्सीवाला, कधी दाद न देणारी कचेरी. शेजारीपाजारी म्हणत, जाऊ द्या. रजनी जाऊ देत नसे. ती पावती मागे, नियम विचारी, वरिष्ठांकडे जाई, शेजारणींना बरोबर घेई आणि काम होईपर्यंत हलत नसे.

११/
रजनीपाशी सत्ता नव्हती, ओळख नव्हती, वकिली नव्हती. ती पोलीस अधिकारी नव्हती की पत्रकार नव्हती. साडी, कपाळावर टिकली, गळ्यात मंगळसूत्र, हातात पिशवी. हे रूप जाणूनबुजून निवडलेले होते. त्या काळच्या हिंदी चित्रपटात अन्यायाविरुद्ध उभा राहणारा नायक मुठी वळून येई आणि कायदा हातात घेई. रजनीने कायदा हातात घेतला नाही. कायद्यात काय लिहिले आहे तेवढेच विचारले. प्रेक्षक बाईला 'हे मलाही जमेल' असे वाटावे, यासाठी तिचे साधेपण आवश्यक होते.

१२/
ते साधेपण पडद्यावर विश्वसनीय झाले ते प्रिया तेंडुलकर यांच्या अभिनयामुळे. त्यांची रजनी रडत नसे आणि भाषण ठोकत नसे. समोरच्याच्या डोळ्यांत पाहून, स्पष्ट उच्चारांत, थोड्या हसऱ्या चेहऱ्याने ती एकच प्रश्न पुन्हा विचारी. तिच्या बोलण्यात विनवणी नव्हती, आणि हीच गोष्ट प्रेक्षकांना नवी होती. काउंटरपलीकडच्या माणसाशी बरोबरीच्या नात्याने बोलणारी स्त्री तोवर भारतीय टीव्हीवर फारशी कोणी पाहिली नव्हती.

१३/
मात्र रजनी हवेतून आलेली नव्हती. मुंबईने तशा बाया आधी रस्त्यावर पाहिल्या होत्या. १९७२ च्या दुष्काळी, महागाईच्या वर्षी मृणाल गोरे, अहिल्या रांगणेकर आणि त्यांच्या सहकारी महिलांनी महागाई प्रतिकार समिती उभारली आणि हातात लाटणी घेतलेल्या गृहिणींचे मोर्चे निघाले. गोरेगावच्या पाणीप्रश्नावर झगडणाऱ्या मृणालताई तर 'पाणीवाली बाई' म्हणूनच ओळखल्या जात. तेल, साखर, रॉकेल, पाणी हे विषय स्वयंपाकघरातले. त्या स्त्रियांनी ते थेट मंत्रालयाच्या दारात नेले.

१४/
ग्राहकांच्या संघटनाही महाराष्ट्रात आधीच उभ्या होत्या. १९६६ साली मुंबईत नऊ स्त्रियांनी एकत्र येऊन 'कन्झ्युमर गाइडन्स सोसायटी ऑफ इंडिया' स्थापन केली. १९७४ मध्ये पुण्यात बिंदुमाधव जोशी यांनी ग्राहक पंचायतीची चळवळ सुरू केली आणि पाठोपाठ १९७५ साली मुंबई ग्राहक पंचायत आकाराला आली. भेसळ, वजनमापातली फसवणूक, सामुदायिक खरेदी असे काम ही मंडळी वर्षानुवर्षे करीत होती. मालिकेतली रजनी एकटी दिसते. प्रत्यक्षात तिच्या मागे वीस वर्षांचे हे मूक काम उभे होते.

१५/
मालिकेचा परिणाम किती थेट होता, हे विरोधावरून कळते. टॅक्सीवाल्यांवरच्या भागाने मुंबईतले टॅक्सीचालक दुखावले आणि त्यांनी निदर्शने केली. कल्पित पात्राच्या विरोधात खऱ्या माणसांनी रस्त्यावर यावे, ही दूरदर्शनच्या इतिहासातली अपूर्व गोष्ट होती. 'रजनी' हे नाव सामान्यनामासारखे वापरले जाऊ लागले. दुकानात हुज्जत घालणाऱ्या बाईला कौतुकाने किंवा कुचेष्टेने 'मोठी रजनी लागून गेलीस' असे ऐकावे लागे.

१६/
पण टॅक्सीचालकांच्या रागात एक मुद्दाही होता. रजनीचा सामना बहुतेक वेळा व्यवस्थेच्या शेवटच्या टोकाला उभ्या असलेल्या माणसाशी होई : चालक, कारकून, सिलिंडर आणणारा. टंचाई ज्या धोरणांमुळे निर्माण झाली, ती धोरणे मालिकेत क्वचितच दिसत. याचे कारणही समजण्यासारखे आहे. दूरदर्शन सरकारचे होते आणि मालिकेचा खर्च प्रायोजक उचलत. गॅस एजन्सीवर बोट ठेवता येत होते. परवाना पद्धतीवर ठेवणे अवघड होते. अर्ध्या तासात सुटणारा प्रश्न हाच मालिकेला परवडणारा प्रश्न होता.

१७/
तरीही वेळ नेमकी साधली गेली. ९ एप्रिल १९८५ रोजी संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेने ग्राहक संरक्षणाची मार्गदर्शक तत्त्वे स्वीकारली. भारतात ग्राहक संघटनांचा रेटा होताच. २४ डिसेंबर १९८६ रोजी ग्राहक संरक्षण कायद्याला राष्ट्रपतींची संमती मिळाली. म्हणूनच २४ डिसेंबर हा राष्ट्रीय ग्राहक दिन मानला जातो. मालिकेमुळे कायदा झाला, असे म्हणणे इतिहासाला धरून होणार नाही. कायद्याची वाट स्वतंत्र होती. पण तो आला तेव्हा त्याचा अर्थ लोकांना समजावून सांगावा लागला नाही, याचे काही श्रेय रजनीला द्यावे लागते.

१८/
हा कायदा वेगळा होता. त्याने जिल्हा, राज्य आणि राष्ट्र अशा तीन पायऱ्यांवर स्वतंत्र व्यवस्था उभारली. प्रारंभी जिल्हा मंचाकडे एक लाख रुपयांपर्यंतचे दावे, राज्य आयोगाकडे दहा लाखांपर्यंतचे आणि त्यापुढचे राष्ट्रीय आयोगाकडे, अशी विभागणी होती. वकील देण्याची सक्ती नव्हती. साध्या कागदावर, स्वतःच्या भाषेत तक्रार मांडता येई. रजनी जे काम काउंटरसमोर उभी राहून करीत असे, त्यासाठी आता एक दार, एक टेबल आणि एक क्रमांक मिळाला.

१९/
अर्थात दार उघडायला वेळ लागला. अनेक ठिकाणी जिल्हा मंच उभे राहायलाच काही वर्षे गेली. कायद्याची कक्षाही हळूहळू विस्तारली. १९९५ साली सर्वोच्च न्यायालयाने पैसे घेऊन दिलेली वैद्यकीय सेवाही त्यात येते, असा निर्णय दिला. २०१९ चा नवा कायदा २० जुलै २०२० पासून लागू झाला आणि ऑनलाइन खरेदी त्याच्या कक्षेत आली.

२०/
टंचाईला दुसरे उत्तर कारखान्यांतून आले, आणि इथे पुन्हा वाळूजकडे यावे लागते. वाळूज औद्योगिक वसाहतीतून दुचाक्या बाहेर पडू लागल्या, देशात इतरही उत्पादक आले, १९९१ नंतर परवाना पद्धत मोडीत निघाली आणि स्कूटरची रांग पाहता पाहता नाहीशी झाली. पैठण रस्त्यावर चितेगावला व्हिडिओकॉनचा कारखाना उभा राहिला आणि घरोघरी रंगीत टीव्ही आले. वाळूजशेजारी बजाजनगरसारखी वसाहत वाढली. जिथे माल मुबलक झाला, तिथे विकणाऱ्याची मग्रुरी आपोआप उतरली.

२१/
म्हणजे जे रजनीला एकटीने करावे लागत होते, ते पुढे कायदा आणि बाजार या दोघांनी थोडे थोडे वाटून घेतले. रजनीची गरज कमी झाली. प्रिया तेंडुलकर यांची मात्र रजनीपासून सुटका झाली नाही. त्या कुठेही गेल्या तरी लोकांच्या लेखी त्या रजनीच राहिल्या. नटीला एक भूमिका अमर करते, तेव्हा बाकीच्या भूमिकांना ती सावलीत ढकलते. या नियमाला त्या अपवाद ठरल्या नाहीत.

२२/
पुढची कामे पाहिली तर हा पगडा स्पष्ट दिसतो. 'त्रिमूर्ती' (१९९५) मध्ये त्या खोट्या आरोपाखाली तुरुंगात गेलेल्या प्रामाणिक पोलीस अधिकारी आईच्या भूमिकेत आहेत. 'गुप्त' (१९९७) मध्ये त्या नायकाची आई झाल्या. १९९५ मध्ये सुरू झालेल्या 'हम पाँच' या विनोदी मालिकेत अशोक सराफ यांच्या दिवंगत पहिल्या पत्नीची भूमिका त्यांनी केली. भिंतीवरच्या तसबिरीतून ही पत्नी नवऱ्याला टोमणे मारी. तसबिरीत अडकल्यावरही तिचे बोलणे थांबत नाही, हा विनोद प्रेक्षकांना भावला, त्यात रजनीच्या आठवणीचाही भाग असावा.

२३/
तरीही त्यांनी त्या प्रतिमेचे ओझे नुसते वाहिले नाही. तिचा उपयोग करून घेतला. खाजगी वाहिन्यांच्या काळात 'प्रिया तेंडुलकर टॉक शो' आणि 'जिम्मेदार कौन' हे चर्चेचे कार्यक्रम त्यांनी चालवले. आता समोर लिहून दिलेले पात्र नव्हते. खरे पाहुणे होते, खरे प्रश्न होते. कार्यक्रमाचे शीर्षकच 'जबाबदार कोण?' असे विचारत होते. रजनी जो प्रश्न संहितेतून विचारत असे, तो त्यांनी स्वतःच्या नावाने विचारला. भूमिका आणि माणूस यांतले अंतर त्यांनी असे स्वतःच्या हाताने कमी केले.

२४/
अशी एकच भूमिका मागे ठेवून गेलेल्या आणखी एका अभिनेत्रीचे नाव इथे आठवते. कविता चौधरी यांनी १९८९ साली दूरदर्शनसाठी 'उडान' लिहिली, दिग्दर्शित केली आणि तीत कल्याणी सिंह ही पोलीस अधिकारी साकारली. ती त्यांच्या भगिनी, देशातल्या पहिल्या महिला पोलीस महासंचालक कांचन चौधरी भट्टाचार्य यांच्या आयुष्यावर आधारलेली होती. कविता चौधरी यांचे फेब्रुवारी २०२४ मध्ये निधन झाले, तेव्हा बहुतेकांनी त्यांना 'उडान' आणि सर्फच्या जाहिरातीतल्या ललिताजी या दोनच नावांनी आठवले. रजनीला वर्दी नव्हती, कल्याणीला होती. चार वर्षांत पडद्यावरची स्त्री काउंटरच्या अलीकडून पलीकडे गेली होती.

२५/
प्रिया तेंडुलकर यांची एक ओळख मात्र मराठी वाचकाखेरीज फारशी कोणाला नाही. त्या लेखिका होत्या. 'ज्याचा त्याचा प्रश्न', 'जन्मलेल्या प्रत्येकाला', 'जावे तिच्या वंशा', 'पंचतारांकित' ही त्यांची पुस्तके. एवढ्या मोठ्या नाटककाराची मुलगी असताना मराठीत लिहायला बसणे सोपे नव्हते. तुलना ठरलेली होती. तरी त्यांनी लिहिले, आणि टीव्हीवरच्या रजनीपेक्षा वेगळ्या, स्वतःच्या आवाजात लिहिले. हिंदी प्रेक्षकाने त्यांना पाहिले. त्यांना वाचण्याची सोय फक्त मराठी माणसापाशी होती.

२६/
अखेरची वर्षे आजारपणाची होती. स्तनाच्या कर्करोगाशी त्या दीर्घकाळ झुंजल्या आणि १९ सप्टेंबर २००२ रोजी मुंबईत हृदयविकाराच्या झटक्याने त्यांचे निधन झाले. अठ्ठेचाळिसावा वाढदिवस एका महिन्यावर आला होता. वडील विजय तेंडुलकर त्यांच्यानंतर साडेपाच वर्षांहून थोडे अधिक जगले. १९ मे २००८ रोजी तेही गेले. मुलीच्या निधनाच्या बातम्यांत बहुतेक ठिकाणी 'रजनी' हेच नाव आधी आले.

२७/
आज वाळूजमधल्या एखाद्या कामगाराने घेतलेला मोबाइल बिघडलेला निघाला, तर तो जिल्हा ग्राहक आयोगाकडे घरबसल्या ऑनलाइन तक्रार नोंदवू शकतो. त्याला स्कूटरसाठी दहा वर्षे थांबावे लागत नाही. रजनीच्या काळात या दोन्ही गोष्टी स्वप्नवत होत्या. पण तोच माणूस ग्राहक म्हणून जेवढ्या सहज दाद मागू शकतो, तेवढ्या सहज कामगार म्हणून किंवा नागरिक म्हणून मागू शकतो का, हा प्रश्न अजून शिल्लक आहे. रांगा संपल्या असे वाटते तेव्हा बहुधा त्या दुसऱ्या काउंटरसमोर लागलेल्या असतात : रुग्णालयात, पाण्याच्या टँकरपाशी, दाखल्याच्या खिडकीवर. तिथेही 'असेच चालते' हे वाक्य अजून ऐकू येते.

२८/
प्रिया तेंडुलकर यांच्या कथासंग्रहाचे नाव 'ज्याचा त्याचा प्रश्न' आहे. रजनीने नेमके उलटे केले होते : शेजारणीचा सिलिंडर, अनोळखी प्रवाशाचे भाडे, दुसऱ्याची अडलेली फाइल हे सारे तिने स्वतःचे प्रश्न मानले. ज्या अभिनेत्रीला लोक या एका भूमिकेसाठी आठवतात, तिचे पुस्तकही शेजारी ठेवून वाचावे. भूमिका देशाने पाहिली आहे. पुस्तक मराठीत आहे.